ब्रह्मदेशात शिकलेलं नाक

"वास गेला," उस्मानचाचांनी टाकीच्या मॅनहोलमधून डोकं बाहेर काढलं. "हवा खेळली आत. चल दाऊद, कर सही."

माझ्या हातात परमिट होतं. परमिट म्हणजे छापील कागद. त्यावर केमिस्टची सही झाल्याशिवाय तेलाच्या टाकीत माणूस उतरवायचा नाही, असा नियम. तिथला केमिस्ट मी. मुंबईहून बी. एस्सी. झालेला, कुवेतला येऊन जेमतेम दीड वर्ष झालेला.

साठचं दशक नुकतंच लागलं होतं. कुवेतवर नवा झेंडा आला होता, पण आमच्या कंपनीच्या बंगल्यांतले इंग्रज साहेब तेच होते. शुऐबाच्या बाजूला किनाऱ्यालगत आमच्या कच्च्या तेलाच्या टाक्या होत्या. टाकी रिकामी केली तरी तळाला डांबरासारखा गाळ राहतो. तो माणसांनी आत उतरून फावड्यांनी ओढायचा. सात नंबरच्या टाकीचा तळ गळत होता. गाळ निघाल्याशिवाय वेल्डर आत जाणार नव्हता, आणि तेल भरायला जहाज येऊ घातलं होतं.

सहीआधी दोन तपासण्या करायच्या असत. एक, आत पेट घेणारा गॅस आहे का. त्याला मीटर होतं, आणि मीटर ठीक दाखवत होतं. दुसरी, विषारी गॅसची. हायड्रोजन सल्फाइड, ज्याला सडक्या अंड्यासारखा वास येतो. त्यासाठी औषधात भिजवलेली कागदाची पट्टी आत सोडायची. गॅस असला तर पट्टी काळी पडते. माझ्या डबीतल्या पट्ट्या संपल्या होत्या. लॅब गाडीने अर्ध्या तासावर.

"साहेब, पट्ट्या घेऊन येतो. तासाभरात परत," मी म्हणालो.

आमचे सुपरिंटेंडंट पार्कर साहेब घड्याळाकडे बघत होते. "तासभर? उस्मानला विचार. उस्मान, क्या बोलता है?"

"साफ है साहब."

"बघ. ब्रह्मदेशात आम्ही वीस वर्षं असंच केलं. तिथे पट्टी नव्हती, उस्मान होता."

पार्कर साहेबांचं सगळं बोलणं ब्रह्मदेशापासून सुरू होई. तिथल्या तेलाच्या खाणीत ते तरुणपणी रुजू झाले होते, आणि उस्मानचाचा तिथे त्यांच्या हाताखाली मुकादम होते. चाचा आमच्याच रत्नागिरीकडचे. फरवानियाच्या खोलीत आम्ही पाच कोकणी माणसं एकत्र राहायचो. शुक्रवारी भात-कालवण झालं की चाचांना हटकून ब्रह्मदेश आठवायचा.

"तिकडे तेलाच्या विहिरी लोकांच्या स्वतःच्या होत्या रे," ते सांगायचे. "बापजाद्यांनी हाताने खणलेल्या. बाप गेला की मुलाला विहीर. कंबरेला दोर बांधून आत उतरायचे, दम संपला की दोर हलवायचा. मग कंपनीने शेजारी मशीनने खोल बोअर मारले. खालचं तेल तिकडेच गेलं. विहिरी आटल्या तशा लोकांनी विकल्या, आणि तेच मालक सकाळी कंपनीच्या गेटवर कामाला उभे! मी त्यांची हजेरी घ्यायचो. लाज वाटायची मला, पण पगार गोड लागतो."

दोर बांधायचं आणि वासावरून हवा ओळखायचं चाचा त्या खणणाऱ्यांकडूनच शिकले. लढाईत जपानी जवळ आले तेव्हा साहेबांच्या हुकमाने चाचांनीच विहिरी बुजवल्या, पंप फोडले, टाक्यांना आग लावली. साहेब लोकांना बाहेर पडायला विमान मिळालं. चाचा बायको आणि तान्ह्या मुलीला घेऊन डोंगरातून आसामकडे चालत निघाले. बायको वाटेतच गेली. मुलगी तेवढी वाचली, कुलसुम. तिला गावी बहिणीकडे ठेवून चाचा पुन्हा नोकरीला लागले. पुढे पार्कर साहेब बोर्निओला गेले, मग कुवेतला आले आणि त्यांनी चाचांना पत्र पाठवून बोलावून घेतलं. ब्रह्मदेश हातचा गेला, तरी साहेबाने तिथली माणसं, तिथली पगाराच्या ग्रेडची पद्धत, तिथलं सगळं उचलून वाळवंटात आणून मांडलं होतं.

फक्त तेल तिथलं नव्हतं. ब्रह्मदेशाच्या तेलात गंधक जवळजवळ नाही, कुवेतच्या तेलात भरपूर. गंधकातूनच हा गॅस होतो. आणि त्याची एक खोड अशी की तो थोडा असला की घाण वास येतो, आणि जास्त झाला की नाकच बधिर होतं. वास येईनासा होतो. वास गेला म्हणजे गॅस गेला, असं नव्हे.

हे मला ठाऊक होतं. पुस्तकात वाचलं होतं, परीक्षेत लिहून मार्क मिळवले होते. चाचांनी त्या सकाळी तीनदा डोकं आत घातलं. पहिल्यांदा नाक मुरडलं, दुसऱ्यांदा म्हणाले, "कमी झाला," तिसऱ्यांदा, "गेला." मी समोर उभा राहून हे पाहिलं.

"चाचा, नाक फसतं या गॅसला," मी हळूच म्हणालो.

"अरे, तुझ्या वयाइतकी वर्षं मी टाक्यांत उतरलोय. एक माणूस नाही गमावला आजवर." ते हसले. गाळ ओढायला आलेली बाकीची गँग पण हसली.

साहेबांनी नुसतं पेन पुढे केलं. बापाच्या वयाच्या माणसाला दहा जणांत खोटं पाडायचं, वर साहेबाला थांबवायचं, एवढी माझी छाती नव्हती. मी मूग गिळून सही केली.

चाचा पहिले उतरले, नेहमीप्रमाणे कंबरेला दोर बांधून. मास्क स्टोअरमध्ये पडून होते. ते घातले की काम निम्मं होतं म्हणून कुणी काढत नसे. चाचांनी गाळात फावडं घातलं. गाळ ढवळला की त्यात कोंडलेला गॅस वर येतो. तीन-चार फावडी झाली असतील. आवाज थांबला. मी मॅनहोलमधून हाक मारली. उत्तर नाही.

"ओढा! दोर ओढा!" मी ओरडलो.

दोरामुळे त्यांना मिनिटभरात बाहेर काढलं. पण जीव गेला होता. तोंडभर काळा गाळ. तो मी माझ्या रुमालाने पुसला. तोंड स्वच्छ झालं तरी मी पुसतच राहिलो, तेव्हा गँगमधल्या एकाने रुमाल काढून घेतला. दुपारनंतर मय्यत झाली. मी खांदा दिला. कोणत्या तोंडाने दिला, या अल्ला, ते आजही कळत नाही.

तिसऱ्या दिवशी साहेबांनी केबिनमध्ये बोलावलं. रिपोर्ट टाइप होऊन तयार होता. "अनुभवी मुकादमाने स्वतःच्या निष्काळजीपणाने खबरदारी न घेता प्रवेश केला," असं काहीसं इंग्रजीत.

"परमिट माझ्या सहीचं आहे, सर," मी म्हणालो.

"ते फाइलला लावलेलं नाही. तुला पुढे करिअर आहे. उस्मानला आता काय फरक पडतो?" मग फाइल मिटून म्हणाले, "मलाही तो हवा होता, दाऊद. बाकी कुणी उरलं नाही तिथलं."

त्यांचे डोळे खरंच ओले होते. आणि मी? मी "थँक यू, सर" म्हणालो. सहीची लाज वाटतेच, पण या दोन शब्दांची जास्त वाटते.

सात महिन्यांनी रजा मिळाली. बोटीने मुंबई, तिथून गाव. कुलसुम लग्न होऊन खाडीपलीकडच्या वाडीत राहत होती. मी नाव सांगितलं तशी तिने ओटीवर चटई टाकली.

"कंपनीचं पत्र आलं, दाऊदभाई. इंग्रजी. शाळेच्या मास्तरांनी चारचौघांत वाचलं, की अब्बा स्वतःच्या चुकीने गेले. बेपर्वाईने. लोक तोंडावर काही बोलत नाहीत. पण माझे सासरे आता अब्बांचं नाव घेत नाहीत." तिने माझ्याकडे सरळ पाहिलं. "अब्बा बेपर्वा होते?"

"नाही. त्यांना ह्या तेलाचं कुणी शिकवलं नव्हतं. मला शिकवलं होतं. तपासणी माझं काम होतं. मी ती न करता सही केली."

आतून चुलीवरचं काहीतरी करपल्याचा वास आला, तरी ती उठली नाही.

"का नाही केलीत?"

"अर्धा तास जायला, अर्धा तास यायला."

मला वाटलं, आता हाकलेल. शिव्या देईल. मी खाली मान घालून बसलो होतो. ती आत गेली आणि धाकट्या दिराच्या वहीचं पान आणि दौत-टाक घेऊन आली.

"हे लिहून द्या. इंग्रजीत. ते इंग्रजीत होतं, हे पण इंग्रजीत पाहिजे. खाली सही करा, तारीख घाला. जुम्म्याला मास्तरांना सगळ्यांसमोर वाचायला सांगते."

मी लिहिलं. ओळीन् ओळ खरी लिहिली. तिला इंग्रजी येत नव्हतं, तरी तिने प्रत्येक ओळीवर बोट फिरवलं, आणि अब्बांचं नाव कुठे आहे ते मला दाखवायला लावलं. मग कागद घडी करून पदरात बांधला.

"आता जा तुम्ही," ती म्हणाली. "परत येऊ नका."

मी गेलो नाही पुन्हा. कुवेतला आणखी बावीस वर्षं नोकरी केली, चीफ केमिस्ट होऊन निवृत्त झालो. नवीन येणाऱ्या प्रत्येक केमिस्टला मी एकच गोष्ट सांगत असे: स्वतः तपासलं नसेल तिथे सही करू नका, समोर कोणीही असो. ते "येस सर" म्हणत. घाई असली की सही करत.