सुटं पान आणि खाली वाकलेली मुलगी

ती मुलगी कॅमेऱ्याकडे पाठ करून खाली वाकली, ते दृश्य निवृत्तीनंतरही माझ्या डोळ्यांपुढून हलत नाही. मिशिगनमधल्या एका विद्यापीठाच्या पोलीस खात्यात मी डिटेक्टिव्ह होतो. नावं कोणाचीच सांगणार नाही, गावाचंही नाही.

हिवाळ्यातली सकाळ होती. ठाण्यातली हजेरी आटोपली आणि ग्रंथालयातून फोन आला. दुर्मीळ ग्रंथ विभागाच्या प्रमुख बाई बोलत होत्या. त्यांच्याकडे मध्ययुगातलं एक ग्रीक शुभवर्तमान, म्हणजे बायबलचा एक भाग, होतं, चर्मपत्रावर हाताने लिहिलेलं. त्याचं एक पान फार पूर्वीच सुटं झालं होतं, म्हणून ते पारदर्शक प्लॅस्टिकच्या पाकिटात वेगळं ठेवत. ते पान गायब होतं. आदल्या दिवशी नागपूरहून आलेली एक विद्यार्थिनी त्यावर काम करत होती. पुसट झालेल्या शाईचे निरनिराळ्या प्रकाशात फोटो घेऊन अक्षरं पुन्हा वाचता येतील असं करायचं, हे तिचं संशोधन.

"कॅमेऱ्यात स्पष्ट आहे," बाई सगळ्या विभागाला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाल्या. "तिने खाली वाकून काहीतरी उचललं आणि स्वेटरमध्ये घातलं."

आम्ही फुटेज पाहिलं. मुलगी खुर्चीतून उठते, अडखळते, वाकते, हात जमिनीकडे जातो आणि वर छातीशी येतो. पुढचं पाठीमुळे दिसत नाही.

"झालं," आमचे सार्जंट म्हणाले. "तिच्या खोलीच्या झडतीसाठी वॉरंटचा अर्ज लिहायला घे."

हाताची ती हालचाल मी ओळखली होती. लहानपणी पुण्यात मीही ती केली होती. पण मी बोललो नाही. माझा अंदाज हा पुरावा नव्हता, आणि सार्जंटचा संशय हाही पुरावा नव्हता! ही साधी गोष्ट खात्यात किती वेळा घसा फोडून सांगावी लागते! परक्या देशातून शिकायला आलेल्या मुलीवर चोरीचा शिक्का बसला की तिचं शिक्षण जातं, व्हिसा जातो. पुढे पान सापडलं तरी शिक्का लवकर पुसला जात नाही.

"आधी तिचं म्हणणं ऐकू, मग अर्ज," मी म्हणालो.

"दुपारपर्यंत. त्यानंतर मी लिहितो."

मुलगी आली. डोळे सुजलेले. रेकॉर्डिंग चालू केलं. तिला सांगितलं, "तू अटकेत नाहीस. दार उघडं आहे. वकील हवा असेल तर इथेच थांबू." तिने माझ्या छातीवरच्या पट्टीवरचं मराठी नाव वाचलं आणि तिचा बांध फुटला.

"काका, मी कशाला चोरी करेन? त्याच पेजवर माझा अख्खा थीसिस आहे!"

मी प्रत्येक वाक्य सार्जंटना इंग्रजीत सांगत होतो. फुटेजबद्दल मुद्दाम काही सुचवलं नाही. एवढंच विचारलं, "उठलीस तेव्हा काय झालं?"

ती खाली बघत म्हणाली, "तुम्ही हसाल."

"हसलो तर हसलो. सांग."

"शेजारच्या ट्रॉलीच्या खालच्या फळीवर बुक्स होती. माझा पाय लागला. मग... नमस्कार केला."

मी भाषांतर केलं. सार्जंटनी पेन खाली ठेवलं.

"कोणाला?"

"पुस्तकांना."

"पुस्तकांची माफी मागितली?"

"हो."

"मग? केलं का त्यांनी माफ?"

"अजून तरी नाही, सर," ती इंग्रजीत म्हणाली. "बघा ना, पोलीस स्टेशनमध्ये बसलेय."

सार्जंट खो खो हसले. मग गंभीर झाले. "गोष्ट छान आहे. पण पान कुठाय?"

प्रश्न रास्त होता. मी दोघांना घेऊन ग्रंथालयात गेलो. बाईंना म्हटलं, "माणसाचा विचार बाजूला ठेवू. कालचं टेबल जसंच्या तसं मांडा."

त्यांनी फोमच्या उशीवर ग्रंथ ठेवला. मी ट्रॉली जवळ ओढायला गेलो आणि बोटाला सणकन चटका बसला. इकडच्या हिवाळ्यात हीटरने हवा इतकी कोरडी होते की अंगावर स्थिर वीज साठते आणि दाराची मूठही चावते. मी बोट चोळत उभा राहिलो.

"हिच्यानंतर या टेबलावर काय आलं?"

"एक जुना नकाशा. तोही असल्याच पाकिटात, पण मोठ्या."

"त्या पानाच्या पाकिटावर ठेवला?"

बाई थबकल्या. त्यांनी दोन रिकामी पाकिटं आणली, मोठं लहानावर ठेवलं आणि उचललं. लहान पाकीट पाठीला चिकटून अलगद वर आलं. मग आम्ही सगळेच नकाशांच्या कपाटाकडे जवळजवळ धावलो. खण ओढला, नकाशा उलटा केला. पाठीला चिकटून ते पान शांतपणे बसलं होतं. काळ्या-तपकिरी ग्रीक ओळी, सुरुवातीचं लाल अक्षर, समासात मेणबत्तीच्या मेणाचा जुना डाग.

"हाच! हाच माझा डाग!" मुलगी ओरडली. बाईंनी तिला मिठी मारली आणि दोघींना एकदमच चटका बसला. त्या शांतता पाळायच्या दालनात इतकं हसणं पूर्वी कधी झालं नसेल.

एका गोष्टीवर मात्र मी अडून बसलो. संशय चारचौघांत घेतला होता, तर माफीही चारचौघांतच हवी. कानात कुजबुजलेली चालणार नाही! बाईंनी विभागाच्या बैठकीत उभं राहून माफी मागितली. त्यासाठी मी त्यांना आजही मानतो. पुढे मुलीने प्रबंध पूर्ण केला आणि ठाण्यात पेढे घेऊन आली.

त्या केसनंतर नव्या शिपायांना मी एकच सांगत आलो: चोर शोधण्याआधी वस्तू शोधा. कॅमेऱ्याला माणूस वाकताना दिसतो. का वाकला, ते त्यालाच विचारावं लागतं.

माझ्या निरोप समारंभाला सहकाऱ्यांनी पुस्तकांचं एक खोकं भेट दिलं. भाषण संपवून जागेवर जाताना सार्जंटचा बूट त्या खोक्याला लागला. ते थांबले. सहा फुटी देह कसाबसा वाकवून त्यांनी खोक्याला हात लावला आणि तो छातीशी नेला.

"कोणाची माफी मागितलीत, सर?" मी विचारलं.

"तुझी नाही," ते म्हणाले.