मोडण्यासाठी लावलेली घरं

मामीचा फोन आला तेव्हा मी परळच्या ऑफिसात डबा उघडत होतो. "अरे, हे गेले..." ती म्हणाली. मी विचारलं, "आता कुठे? हैदराबादला, शूटिंगला?" आणि वर, "येणार कधी?" मग शेजारच्या काकूंनी फोन घेतला तेव्हा कळलं. पन्नाशीच्या माणसाला 'गेले'चा अर्थ कळू नये! पण लग्न झाल्यापासून मामी हेच वाक्य म्हणत आली होती आणि मामा दारात बॅग आपटत परतही येत होता. आता दीड महिना होत आला. त्याचा फोटो काही अजून भिंतीवर चढलेला नाही. मामीने मनातून मानलेलंच नाही, तिचं कसं होणार, असं नातेवाईक कुजबुजतात. मला मात्र वेगळंच वाटतं...

वसंतमामा, आईचा धाकटा भाऊ, सिनेमाचा कलादिग्दर्शक होता. म्हणजे पडद्यावर नायिका ज्या खोलीत रडते, ती खोली उभी करणारा. सुरुवात लालबागच्या गल्लीतल्या गणपतीच्या देखाव्यांपासून, मग नाटकांचं नेपथ्य, मग हिंदी सिनेमे. कोरी प्लायवूडची भिंत चहाच्या पाण्याने आणि काजळीने बघता बघता म्हातारी करायचा. आमच्याकडे जेवायला आला की आमटी निवत असायची आणि हा दिव्याच्या बटणाशी डोळे लावून उभा. "हा डाग बघ. रोज हात लागतो ना, तिथे खरं घर असतं." माझी बायको लाजून फडकं शोधायची. "पुसू नको गं, फोटो काढू दे!" बसणं त्याला ठाऊकच नव्हतं. कपाट सरकव, दिवाण फिरव... आणि उचलायला मी. माझी कंबर ही त्याच्या कलेची मला मिळालेली कायमची भेट.

एकदा त्याने सेट लावलेल्या एका मालिकेत विधवेच्या घरात, भिंतीवर, चंदनाच्या हारात... मी! माझ्या लग्नातला फोटो, बायकोला कापून. आईने मामाला फोनवर धरलं, "मेल्या, जित्या माणसाच्या फोटोक हार घालतंस?" तो हसत म्हणाला, "गे बाय, आयुष्य वाढता तेचा!" बायको एवढंच म्हणाली, "विधवा छान होती."

शूटिंग संपलं की सेट मोडतात. मोडताना बाकीचे निघून जायचे, मामा थांबायचा. त्याने उभारलेल्या अख्ख्या चाळीवर हातोडे पडत होते तेव्हा मी एकदा बरोबर होतो. "वाईट नाही वाटत?" मी विचारलं. "वाटतं रे. म्हणून तर लगेच दुसरा लावायचा." मग कामं कमी झाली, आणि दुसरा सेट लावायला लालबागची ती एक खोलीच उरली. मामी भाजी घेऊन येईपर्यंत भांड्यांची मांडणी समोरच्या भिंतीवर गेलेली. "माझा डबा कुठाय?" ती ओरडायची. "नवीन घरात आलीस, शोध!"

तेराव्यानंतर आईने मला मामाचा फोटो भिंतीवर लावायचं फर्मान सोडलं. दादरहून हार घेतला, हातोडी घेतली, स्टुलावर चढलो. मामी म्हणाली, "उतर." मी धीर देण्याच्या सुरात म्हटलं, "मामी, आता मानायला हवं गं..." "मला कळत नाही होय? अंघोळ मी घातली त्यांना. हार घाल खुशाल. पण खिळा नको. खिळा मारलास की ते तिथेच राहणार, जन्मभर एकाच जागी. त्यांना जमलं असतं ते?" मी उतरलो. स्टूल डुगडुगलं, ते धरायला वाकलो, तेवढंच निमित्त झालं डोळे पुसायला.

गेल्या रविवारी गेलो तर फोटो शिलाई मशिनवर होता. "काल फ्रिजवर होते," मामी म्हणाली. "तिथून त्यांना दार दिसत नव्हतं. आणि इथे ऊन येतं तोंडावर." तिने फोटो उचलून माझ्या हातात दिला. "धर जरा, मशीन सरकवते." ती मशीन सरकवत राहिली, आणि मी मामाला छातीशी धरून खोलीच्या मधोमध उभा राहिलो, ती जागा सांगेपर्यंत...