नादुरुस्त तराजू

दुपारी गिरगावातल्या आमच्या शाळेच्या शिपायाचा फोन आला. "बाई, बेगीन येवा. कपाटाचा कुलूप तोडून तुमचो तराजू टेम्पोत चढवतत." मला निवृत्त होऊन सहा वर्षं झाली होती. तरी दादरहून टॅक्सी केली आणि घरातल्याच चपलांवर निघाले.

प्रयोगशाळेच्या जागी आता कॉम्प्युटरची खोली होणार होती. काचेच्या पेटीतला आमचा पितळी तराजू, जवळजवळ शाळेइतकाच जुना, गेटपाशी टेम्पोत चढला होता आणि भंगारवाला हातोडी घेऊन तयारच होता. "लाकूड-काच काय कामाची, बाई? पितळ तेवढं काढून घेनार."

मी मुख्याध्यापिकेवर तडकले. ती माझीच जुनी विद्यार्थिनी. तिने शांतपणे प्रयोगशाळेची नोंदवही पुढे केली. तराजूपुढे लिहिलं होतं, 'नादुरुस्त'. अक्षर माझं, सहीसुद्धा माझी.

आता खरं सांगणं भागच होतं. खूप वर्षांपूर्वी संस्थेची दुसरी शाळा तो तराजू मागत होती. तिथला धसमुसळा कारभार मला ठाऊक होता, म्हणून मी धडधडीत खोटं लिहिलं. चोराच्या उलट्या बोंबा म्हणतात, तशी आता तिच्यावरच ओरडत होते.

"मग चालतो हे दाखवा," ती म्हणाली.

तराजू उतरवून टेबलावर ठेवला. पायाचे स्क्रू फिरवून पातळीत आणला, काटा शून्यावर येऊ दिला. डोक्यावरचा एक पांढरा केस उपटून डाव्या पारड्यात ठेवला आणि काच लावली. दांडीखाली लोंबणारा काटा सावकाश उजवीकडे सरकला.

"आयला, केसाचं पन वजन!" भंगारवाला वाकून बघत म्हणाला.

माझा जीव भांड्यात पडला. सगळ्यांसमोर डोळे भरून आले, पण त्याची लाज वाटली नाही. 'नादुरुस्त' खोडून मी 'चालू' लिहिलं आणि सही केली.

मुख्याध्यापिका अजून काट्याकडेच बघत होती. "बाई, मी दहावीपर्यंत इथे शिकले. आम्हाला तुम्ही याला एकदाही हात लावू दिला नाहीत."

खरंच होतं ते. शनिवारी शाळा सुटल्यावर मी एकटीच तो पुसत बसायचे.

तिने स्वतःचा एक लांब केस तोडला आणि पेटीची काच उघडली. 'अगं, हळू' म्हणायला मी तोंड उघडलं, आणि मिटलं.