मंत्र्यांच्या फार्महाऊसमधली मेंढरांची वाट

आमच्या गावाबाहेर, येडगाव धरणाच्या पाण्याला लागून, एका माजी मंत्र्यांचं फार्महाऊस आहे. साहेब वारले, मुलांनी ते विकलं आणि पुण्याच्या नव्या मालकांनी तिथं कृषी पर्यटन सुरू केलं. पर्यटकांना इतिहास लागतो, म्हणून मालक माझ्याकडे आले. मी निवृत्त शिक्षक, घरात पुस्तकं दिसतात. एवढ्यावर माणूस इतिहासकार ठरतो.

"दारात मोठा बोर्ड लावायचाय सर. साहेबांचं मातीशी नातं, असं काहीतरी."

ते नातं मी पाहिलेलं होतं. साहेब यायचे त्याच्या आदल्या दिवशी टँकर आणून अंगण धुतलं जाई, बुटांना माती लागू नये म्हणून. हेलिपॅड बांधलं होतं. त्यावर हेलिकॉप्टर कधी उतरलं नाही, गडी बाजरी वाळवत. आंब्याच्या प्रत्येक रोपापुढे ते लावणाऱ्या पुढाऱ्याच्या नावाची पाटी होती. रोपं मेली, पाट्या जगल्या.

एक गोष्ट मात्र साहेबांनी पाळली. त्या जमिनीतून मेंढरांची पाण्यावर जायची जुनी वाट होती. भिंत घातली तेव्हा त्यांनी मागे लहान फाटक ठेवलं आणि ते कधी बंद केलं नाही. मेंढपाळांनाही मत असतं, हे त्यांना ठाऊक होतं. नव्या मालकांनी त्या फाटकाला कुलूप घातलं. तेव्हापासून माझ्या शेजाऱ्याची मेंढरं डांबरी रस्त्याने, उसाच्या ट्रॉल्यांमधून वळसा घालून पाण्यावर जातात. दोन कोकरं चाकाखाली गेली.

बोर्डाचं कळताच शेजारी आला. "गुरुजी, लई नको. एकच वळ लिवा. हितनं मेंढरं पाण्याला जात्यात, आमच्या आज्यापासनं."

"बोर्ड वाचून कुलूप निघेल?"

"मंत्र्याचं वाचत्यात, तर आमचं बी वाचतील की राव."

मी ओळ लिहिली. मालक ती खोडतील अशी खात्री होती, पण ते भलतेच खूश झाले. "सर, हे तर हेरिटेज! शनिवार-रविवार फाटक उघडतो. सकाळी दहाला आणा म्हणावं, गेस्टचा नाश्ता झालेला असतो. आणि फेटा बांधून या म्हणावं."

हा निरोप शेजाऱ्याला मलाच सांगावा लागला.

"आन बाकीचं दिस मेंढरांनी काय उपास धरायचा? रोज उघडा म्हणावं, न्हाईतर ऱ्हाऊ द्या."

पहिल्या शनिवारी पाहुणे मोबाईल सरसावून भिंतीशी उभे राहिले. मेंढरं आलीच नाहीत. मालकांचा मला फोन. "सर, बोर्डावर तुम्हीच लिहिलंत ना? लोक विचारतायत, मेंढ्या कुठं आहेत?"

"रस्त्यावर," मी म्हणालो. "ट्रॉलीच्या मागे."

तेव्हापासून या वयात मी दोघांमध्ये वकिली करतोय. मालक एकेक वार वाढवत सहावर आले आहेत, शेजारी सातावरून हलत नाही. काल मालक वैतागून म्हणाले, "अहो, सोमवारी आमची सुट्टी असते. बघायला कुणीच नसतं."

मी ते शेजाऱ्याला सांगितलं.

"मग बरंच की. निवांत पितील."

हे उत्तर मी पोचवलं. मालक विचार करतो म्हणाले आहेत. तोवर मेंढरं रस्त्यानेच जातात.