सोप्यातली फरशी

दवाखान्यात फिनेलचा वास आला आणि मला उचगावचं सासर आठवलं. नवऱ्याचा तेरावा झाला होता. त्याच्या एचआयव्हीची लागण मलाही झाल्याचं त्याच दिवशी घरात कळलं. मी बाहेरच्या सोप्यातून उठले, तशी थोरल्या दिरांनी माझ्या जागेवर फिनेल ओतलं. पांढरं पाणी माझ्या पायांपर्यंत आलं.

"माहेरी जा. हितं तुझं काय न्हाय," ते म्हणाले.

तेव्हा मला लाज वाटली होती. आता नुसता राग येतो. औषधांनी अंगात बळ आलं, एचआयव्ही झालेल्यांना मदत करणाऱ्या संस्थेच्या ताईंनी वकील दिला आणि कोर्टातून मी नवऱ्याच्या वाट्याचं निम्मं घर मिळवलं. दर रविवारी माझ्यासारख्या बायका त्याच फरशीवर बसून हसतात. दीर आत दार लावून घेतात.

"माफ कर की त्यास्नी," त्यांतली एकजण म्हणाली.

"न्हाय," मी म्हटलं, आणि पुढच्या रविवारी कोडोलीच्या बायकांनाही बोलावलं.