डब्यातलं मांस आणि लाल मिलो

इकडे आखातात, अल बर्शाला, आमच्या शेजारी एक कोरियन म्हातारी राहायची. तिचं इंग्रजी चार शब्दांचं, तेही लहानपणी अमेरिकन लष्कराच्या छावणीत कपडे धुताना उचललेलं. चांगलं ते 'नंबर वन', वाईट ते 'नंबर टेन'. मी चौथी पास, मला पुरलं. अडलं की तिची नात इंग्रजीत सांगायची आणि माझी नात मराठीत.

मंदी आली, तिच्या मुलाची नोकरी गेली. तो खोलीत पडून राही. धड जेवेना, कुणाशी बोलेना. म्हातारी म्हणाली, डब्यातल्या मांसाचा रस्सा दिला की उठेल. युद्धानंतर छावणीतून उरलेले डबे बाहेर यायचे. ते आंबवलेल्या कोबीत तिखटजाळ उकळून लोक जगले. मुलगाही त्यावरच वाढलेला. पण तिच्या सुनेने बजावलं, "भिकाऱ्यांचं जेवण या घरात नको."

"मग माझ्या घरात कर," मी म्हटलं.

इथे सुपरमार्केटात डुकराचं मांस वेगळ्या खोलीत ठेवतात. मला साडीत बघून तिथला माणूस म्हणाला, "माताजी, इधर पोर्क है."

"मालूम है. सहेली को चाहिए."

आमच्याकडे डुक्कर शिजत नाही, पण माझी सून ऑफिसात होती. मी खिडक्या उघडल्या, जुनं पातेलं काढून दिलं. रस्सा उकळायला लागल्यावर विचारलं, "अमेरिका नंबर वन की नंबर टेन?"

तिने रस्सा ढवळला. मग नातींकरवी उत्तर आलं, "डबा नंबर वन. आमच्यापुढे टाकायची तऱ्हा नंबर टेन."

मी सांगितलं, आमच्याकडेही दुष्काळात रेशनवर अमेरिकेचा लाल मिलो, म्हणजे तिकडची तांबडी ज्वारी, यायचा. शिव्या देत खायचो. आज कुणी त्याची भाकरी वाढली तर फेकून मारीन. ती डोळे पुसेपर्यंत हसली.

तेवढ्यात दारात तिचा मुलगा. दाढी वाढलेली, पायात नुसते मोजे. काहीतरी गुरकावला.

"ही सेज, होल कॉरिडॉर स्मेल्स," त्याची लेक म्हणाली.

म्हातारीने वाडगा भरून ओट्यावर ठेवला. तो बघत उभा राहिला, मग उभ्यानेच खाल्लं. दुसऱ्या वाडग्याला भात मागितला आणि स्टुलावर बसला. म्हातारीने माझ्याकडे बघून एक बोट वर केलं.

संध्याकाळी सून नाक दाबून म्हणाली, "आई, कसला वास हा?"

"अमेरिकेचा," मी म्हटलं.

दुसऱ्या दिवशी तो दाढी करून पातेलं परत द्यायला आला. घासून लखलखीत केलेलं.

"राहू दे बाबा," मी म्हटलं, "तुझ्याकडेच ठेव."