पंच जिंकणार, असं मामा म्हणाले

तेलंगणातल्या बाजारहत्नूरला आमच्या चौकातल्या हाटेलात मराठी पेपरची एकच प्रत येते, सकाळच्या बसनं. तिची घडी आधी कोणी मोडायची, यावरून पूर्वी रोज कुरबुर व्हायची. शेवटी हाटेलवाल्यानं नियम केला. शनिवारी फुटबॉलच्या सामन्याचा अंदाज सांगायचा. ज्याचा खरा ठरेल, त्यानं पुढचा आठवडाभर पेपर पहिल्यांदा वाचायचा. क्रिकेट का नाही, तर क्रिकेटमधलं सगळ्यांनाच कळतं आणि भांडणं वाढतात.

मी शाळेत मास्तर. दोन महिने तो मान माझ्याकडेच होता. अंदाज मी साधा सांगत नसे. चहा संपवायचा, कप पालथा घालायचा, डोळे मिटायचे आणि सगळे गप्प झाले की मगच बोलायचं. मधल्या सुट्टीत मोबाइलवर गुणतक्ता पाठ केलेला असे, हे मात्र कुणाला माहीत नव्हतं. आता सांगतोय.

त्या शनिवारी मी डोळे उघडले आणि जाहीर केलं, "उद्या हैदराबाद. केरळवर दोन-शून्य." हाटेलवाल्यानं फळ्यावर लिहून घेतलं.

कोपऱ्यात बैलबाजारातले जुने दलाल बसले होते. सगळे त्यांना मामा म्हणतात. दात न पाहता, नुसत्या चालीवरून ते बैलाचं वय सांगतात. फुटबॉल त्यांनी कधी पाहिला नव्हता.

"मास्तर, जनावर न दाखवता सौदा करून राह्यले काय?"

मी दोन्ही संघांचा जुना सामना मोबाइलवर लावला. मामांनी फोन हातभर लांब धरला.

"हा पिवळा मागचा पाय ओढते. हा लंबा नुसता दिखाऊ हाये, नांगराले कामाचा नाही." बराच वेळ पाहून त्यांनी एकावर बोट टेकवलं. "हा काळ्या कपड्यातला जिंकते."

"मामा, तो पंच आहे."

"असू द्या ना. सगळ्यांसंगं पळून राह्यला, पन तोंडाले फेस नाही. कोनी लाथ मारत नाही. उलट हेच लोक त्याच्यासमोर हात जोडून राह्यले."

"तो कुठल्याच बाजूचा नसतो."

"मंग त्याले हरवन कोन?"

सगळं हाटेल हसलं. हाटेलवाल्यानं मात्र माझ्या अंदाजाखाली शांतपणे लिहिलं: पंच.

रविवारी संध्याकाळी हैदराबाद एक-शून्यनं पुढे होतं. मी कप पालथा घालून बसलो होतो. शेवटच्या मिनिटांत पंचानं शिट्टी फुंकली आणि केरळला पेनल्टी दिली. एक-एक. सामना तिथंच संपला.

हाटेलवाला फळ्याजवळ गेला. "मास्तर, तुमचं हैदराबाद जिंकलं काय?"

"नाही."

"केरळ?"

"नाही."

"मंग शेवटी चाललं कोनाचं?"

मी पालथा कप सरळ केला. त्यानं माझी ओळ पुसली.

सोमवारी सवयीनं मी लवकर गेलो. कोरी घडी मामांसमोर होती. त्यांनी ती माझ्याकडे सरकवली. मामा बोलतात मराठी, पण शिकले तेलुगू शाळेत. मराठी त्यांना वाचता येत नाही.

घडी मीच मोडली. पण वाचायचं मोठ्यानं, आणि ते सांगतील तिथूनच. आधी अख्ख्या नांदेड जिल्ह्यातले दशक्रिया विधी, मग बोअरवेलच्या जाहिराती, मग हरवलेल्या म्हशी. मी हळूच खेळाचं पान उघडलं.

"ते राहू द्या," मामा म्हणाले. "त्यातलं मले ठाऊक हाये."